आप्पांचा अर्धा जिल्हा

सोलापूरच्या दवाखान्यातून आप्पांना घरी आणलं तेव्हा आईनं उंबऱ्यावरच त्यांच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकला आणि डोळ्यांना पाणी लावून मगच आत घेतलं. अर्धांगाचा झटका येऊन गेला होता. डावा हात लुळा पडला होता, डावा पाय फरफटत होता. पण वाचा शाबूत होती, आणि आप्पांची वाचा शाबूत म्हणजे आमच्या लेखी आप्पाच शाबूत. परंड्याच्या शाळेत त्यांनी उभा जन्म भूगोल शिकवला होता. निम्मा बाजार त्यांच्या हाताखालून गेलेला. भेटायला येणारा प्रत्येकजण जाताना आईला म्हणायचा, गुरुजी होते तसेच आहेत, काळजीचं काही नाही. डॉक्टरांनीही तेच सांगितलं होतं, हातपाय हळूहळू येतील, बुद्धीला धक्का नाही. त्यामुळं पुढच्या दोन-अडीच महिन्यांत घरात जे जे विचित्र घडलं त्याचा दोष आजाराला द्यायचं कुणाच्याही मनात आलं नाही. दोष द्यायला माणसं एवढी हाताशी असताना आजाराकडं कोण बघतंय.

आमचं घर पूर्वाभिमुख. पुढच्या खोलीत दक्षिणेच्या भिंतीला आप्पांची खाट लावली. खाटेवर टेकून बसलं की तोंड उत्तरेला, उजव्या हाताला रस्त्याकडचं दार आणि डाव्या हाताला स्वयंपाकघराचं. हे मी आज एवढं नेमकं सांगतेय. तेव्हा खाट तिथं मावत होती म्हणून तिथं लावली, एवढंच. रस्त्याकडच्या दाराशी उजेड असायचा म्हणून मी तिथं बसून अभ्यास करायची, आई तिथंच सुपात ज्वारी निवडायची. कुर्डुवाडीची गाडी वळणावर हॉर्न द्यायची, कोपऱ्यावरच्या गिरणीचा पट्टा फटफट वाजायचा, आणि दुपारी किल्ल्याकडून पोपटांचा थवा ओरडत घरावरून जायचा. स्वयंपाकघराच्या बाजूनं दिवसभर येऊन-जाऊन असायच्या त्या एकट्या वहिनी.

वहिनी, म्हणजे कौसल्या, वाशीकडच्या मेंढरं राखणाऱ्या घरातल्या. वसतिगृहात राहून बारावीपर्यंत शिकलेल्या, बालवाडीवर शिकवायच्या. माझा मोठा भाऊ, दादा, त्या भागात ग्रामसेवक होता. लग्न दोघांनी आपसांत ठरवलं आणि मग घरी सांगितलं. आप्पा भांडले नाहीत. लग्नाला गेले, अक्षता टाकल्या, फोटोत उभे राहिले, आणि घरी आल्यावर त्या विषयाला कुलूप लावलं. वर्षभरात त्यांनी वहिनींना नावानं हाक मारलेली मी ऐकली नाही. "तिला सांग", "तिला विचार", असं माझ्या किंवा आईच्या मार्फत चालायचं. दादा आठवडाभर नोकरीच्या गावी, रविवारी घरी. वहिनी मात्र रीतीप्रमाणं सासरी, नोकरी सोडून. हे सगळं आधीचं होतं, आणि झटका आला तो ह्या असल्या घरात.

पहिली कुरबूर ताटावरून झाली. आप्पांना जवसाची चटणी लागायची, वहिनींच्या हातची तर फार चांगली व्हायची. वहिनी ताट आणून ठेवायच्या. आपल्याकडं चटणी, मीठ, लिंबू डावीकडं वाढायची पद्धत आहे. आप्पा उजवीकडचं डाळीचं घुटं, भाजी संपवायचे, भाकरी बरोबर मध्यावर मोडून अर्धी खायचे, आणि आईला म्हणायचे, "चटणी वाढायचं बंद केलंय का या घरात? आणि अर्धीच भाकरी देता मला?" आई उठून बघायची तर चटणी जागच्या जागी, भाकरीचा अर्धा तुकडा ताटात. ती वाटी उचलून त्यांच्या समोर धरायची, तेव्हा आप्पा तिच्याकडं रोखून बघत म्हणायचे, "ही आत्ता आणून ठेवलीत."

त्या एका वाटीनं घरात तीन संशय पेरले. आप्पांना वाटायचं, सून वाढत नाही, आणि आपण विचारलं की गुपचूप आणून ठेवते. वहिनींना वाटायचं, माझ्या हातची चटणी ह्यांना चालत नाही, म्हणून दिसत असून दिसत नाही म्हणतात. आणि आईला वाटायचं, चटणीत काहीतरी आहे, जे त्यांच्या जिवाला कळतंय आणि आपल्याला कळत नाही. शेजारच्या गोदाकाकूंनी त्यात तेल घातलं. त्या म्हणाल्या, धडधाकट माणूस सून आल्यावर वर्षात आडवा होतो, याचा काही विचार करशील का. त्याच आठवड्यात अंगणात एक लिंबू सापडलं. गोदाकाकूंच्याच कुंपणात लिंबाचं झाड होतं, पण आईनं ते चिमट्यानं उचलून वेशीबाहेर टाकून दिलं, आणि त्या दिवसापासून आप्पांची भाकरी ती स्वतः थापू लागली. वहिनींनी ते बघितलं. त्यांनीही आईच्या हातचं हुलग्याचं माडगं घेणं सोडलं. मी दाराशी पुस्तक धरून दोघींच्या हातांकडं बघत बसायची. कोण कुठल्या डब्याला हात लावतंय, कोण कुणाकडं पाठ करतंय, एवढंच त्या दिवसांत मी वाचलं.

वहिनींना सगळ्यांत लागलं ते दुसरंच. त्या स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहून विचारायच्या, "आप्पा, पाणी आणू का?" आणि आप्पा मान माझ्याकडं वळवून मला उत्तर द्यायचे, "आण की, विचारतेस काय." प्रश्न त्यांचा, उत्तर मला. वहिनी औषधाची गोळी घेऊन त्यांच्या डाव्या खांद्याशी उभ्या असायच्या आणि आप्पा मला म्हणायचे, गोळीची वेळ टळली, या घरात कुणाला काही पडलेलं नाही. एकदा वहिनी आत जाऊन चुलीपुढं बसल्या आणि मला म्हणाल्या, "वन्सं, कुत्र्याकडं तर बघतंय माणूस. हाड म्हणाया तरी बघतंय."

आज हे लिहिताना मला नवल वाटतं, कारण आप्पांचं अंग आम्हाला दुसऱ्या बाजूनंही सांगत होतं. दाढी करायचे ती उजव्या गालाची, डावा गाल खुंट घेऊन तसाच. पेपर वाचायचे आणि चिडून टाकून द्यायचे, म्हणायचे, "संपादक झोपलेत. वाक्याला सुरुवातच नाही." ओळीची उजवी बाजूच ते वाचत होते. पण आमच्याकडं प्रत्येक गोष्टीला तयार कारण होतं. दाढीला हात थरथरतो म्हणून, पेपरला चष्मा जुना म्हणून, आणि वहिनींना राग म्हणून. आता माझा नातू गाडी चालवतो तेव्हा फोनमधली बाई दर वळणाला डावीकडे, उजवीकडे सांगत असते, आणि तिचं ऐकताना मला हटकून वाटतं, या बाईनं आप्पांना कुठं नेऊन सोडलं असतं.

चष्म्यावरून मात्र भडका उडाला. खाटेच्या डाव्या अंगाला स्टूल होतं, त्यावर चष्मा, तांब्या, औषधं. चष्मा सापडेना म्हणून आप्पा रोज घर डोक्यावर घ्यायचे, आणि रोज तो आईला स्टुलावरच मिळायचा. त्या दिवशी गोदाकाकू बसल्या होत्या. आईनं चष्मा हातात दिला. आप्पांनी तो घातला नाही. हातात फिरवत शांतपणं म्हणाले, "सकाळपासून मी इथं बसलोय. चष्मा तिथं नव्हता. कुणीतरी नेतं आणि परत आणून ठेवतं. या घरात कुणाला तरी मला वेडा ठरवायचंय."

नाव घेतलं नाही. घ्यायची गरज नव्हती. वहिनी चहाचा कप घेऊन त्यांच्या डाव्या हाताला, अगदी वीतभर अंतरावर उभ्या होत्या. आप्पांनी त्यांच्याकडं वळूनही पाहिलं नाही, आणि आम्हाला सगळ्यांना ते मुद्दाम केल्यासारखं दिसलं. वहिनींनी कप स्टुलावर ठेवला. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं त्या वाशीला गेल्या. आईनं अडवलं नाही.

त्या गेल्यावर घर सुरळीत व्हायला हवं होतं. चष्मा तरीही हरवतच राहिला. चटणी आता आईच्या हातची, ताट आईच्या हातचं, आणि आप्पा म्हणायचे, "तुझ्याही हातून चटणी सुटली का?" आईनं वाटी त्यांच्यापुढं केली नाही. ती आत आली, फडताळाला टेकून उभी राहिली, आणि मला हळूच म्हणाली, "जाताना काहीतरी करून गेली बघ." मला ते पटलं नाही. पहिल्यांदाच पटलं नाही. वहिनी पंधरा कोस लांब होत्या आणि वाटी आमच्या डोळ्यांसमोर होती.

रविवारी दादा आला. तो सामान ठेवायलाही आत गेला नाही. आप्पांच्या समोर, म्हणजे उजव्या अंगाला, खुर्ची ओढून बसला आणि म्हणाला, "आप्पा, मला एकदाच सांगा. तिनं तुमचं काय घोडं मारलंय? दोन महिने तुमच्या उशापायथ्याशी राबली, तुम्ही तिच्याकडं बघितलं नाही."

आप्पा म्हणाले, "राबली असेल. माझ्यासमोर कधी आली नाही."

"तुमच्या शेजारी उभी असायची."

"सुरेश, माझं अंग गेलंय, डोकं गेलेलं नाही. खोटं ऐकून घेणार नाही मी."

दादा म्हणाला, डोकं गेलेलं नाही हीच तर अडचण आहे, गेलं असतं तर आम्ही समजून घेतलं असतं. हे आप्पांना झोंबलं. त्यांनी मला पाटी आणायला सांगितली, शिकवणीची मोठी, लाकडी चौकटीची. म्हणाले, "जिल्हा काढून दाखवतो. मग ठरवा." फळ्यावर न बघता जिल्ह्याचा नकाशा काढणं ही त्यांची ख्याती होती. खडू हातात आला आणि त्यांचा चेहराच बदलला. मधोमध उस्मानाबाद, आताचं धाराशिव. खाली तुळजापूर. तिथून नळदुर्ग, बोरी नदीची रेघ, महामार्ग, शेवटाला उमरगा आणि कर्नाटकाची हद्द, दातेरी, सुबक, एकही वळण न चुकता. मग उस्मानाबादेच्या जरा अलीकडून त्यांनी एक सरळ रेघ वरून खाली ओढली, हद्द बंद केली, आणि पाटी दादाच्या हातात दिली. "घे."

दादा बराच वेळ पाटीकडं बघत राहिला. मग त्याचा आवाज एकदम खाली आला. "आप्पा, परंडा कुठंय?"

"पश्चिमेला. सीनेच्या काठचा तालुका. हे काय विचारणं झालं?"

"नकाशात दाखवा."

आप्पांनी पाटी घेतली. बोट उस्मानाबादेवर ठेवलं, पश्चिमेकडं सरकवलं, आणि त्या सरळ रेघेशी ते थांबलं. पुन्हा ठेवलं, पुन्हा थांबलं. त्यांच्या नकाशात परंडा नव्हता, भूम नव्हतं, वाशी नव्हती. ज्या गावात, ज्या घरात बसून त्यांनी तो काढला तेच त्यात नव्हतं. आणि तरीही नकाशा पुरा झालाय अशी त्यांची खात्री होती. ते रागावले. दादानं काहीतरी चलाखी केली असं वाटून त्यांनी पाटी मांडीवर आपटली. ती घसरली, मी धरायला गेले आणि ती उलटी होऊन त्यांच्या पुढ्यात आली, दक्षिण वर, उत्तर खाली. आता कोरा भाग त्यांच्या उजव्या हाताला होता.

आप्पा पाटीवर वाकले. "हे कुणी पुसलं?"

त्यांनी माझ्या हातांकडं बघितलं, खडूची धूळ लागलीय का म्हणून. मग दादाच्या. आमचे हात स्वच्छ होते. मग त्यांनी खडू घेतला आणि उलट्या पाटीवर, उलटा, भराभरा पश्चिमेचा भाग काढला. भूम, वाशी, परंडा, सीनेची वळणं. आणि म्हणाले, "उमरगा कुठं गेलं?" मी पाटी फिरवली. उमरगा आलं, परंडा गेला. त्यांनी ती माझ्या हातातून घेतली आणि स्वतःच फिरवू लागले, एकदा अशी, एकदा तशी. दोन्ही बाजू पाटीवर होत्या, पण त्यांच्या वाट्याला एका वेळी अर्धाच जिल्हा येत होता. त्यांचा चेहरा मी तोवर कधी तसा बघितला नव्हता. घरातल्या प्रत्येकावर संशय घेऊन झालेला माणूस शेवटी स्वतःपाशी येऊन पोचला होता. आई दारात आली होती, तिनं विचारलं काय झालं. आप्पा पाटीकडंच बघत म्हणाले, "चष्मा तिथंच होता."

पुढं सोलापूरच्या मोठ्या डॉक्टरांनी सांगितलं की मेंदूच्या उजव्या भागाला मार बसला की काही माणसांची डावी बाजू अशी पुसली जाते. डोळा बघत असतो, पण मन तिकडं जातच नाही, आणि काही राहून गेलंय याची जाणीवही होत नाही. त्याला इंग्रजी नाव आहे, ते लांबलचक नाव आईला कधी म्हणता आलं नाही आणि तिनं ते फारसं मानलंही नाही. आप्पांनी मात्र डॉक्टरांच्या आधीच स्वतःचं औषध काढलं होतं. त्याच रविवारी त्यांनी आम्हाला सांगितलं, "मला डावीकडं म्हणू नका. माझ्या डावीला आता काही नाही. दिशा सांगा. डावं-उजवं माणसाबरोबर फिरतं, पूर्व-पश्चिम फिरत नाही. पश्चिम म्हणालात तर ती कुठंतरी असलीच पाहिजे एवढं मला ठाऊक आहे; मी शोधत जाईन." आणि मग दादाला म्हणाले, उद्या मला वाशीला ने.

मीही बरोबर गेले. गाडीत त्यांना चढवणं सोपं नव्हतं. वहिनींचं माहेर वाशीच्या कडेला, मेंढरांच्या वाड्याला लागून. लोकरीचा आणि ओल्या लेंड्यांचा वास, आत घोंगडं अंथरलेलं. वहिनींचे वडील, सगळे त्यांना नाना म्हणत, पागोटं नीट करून पुढं आले. "बसा गुरुजी," एवढंच म्हणाले. त्यांच्या मनात आमच्याविषयी काय होतं ते त्यांच्या तोंडावर होतं. दादानं नानांना आणि वहिनींना आत नेऊन सगळं सांगितलं, पाटीचंही. वहिनींचा आवाज ऐकू आला, "अर्धं दिसत न्हाय? मी बरी त्या अर्ध्यातच घावले."

मग नानांच्या मागोमाग त्या बाहेर आल्या. सरळ आल्या आणि आप्पांच्या डाव्या अंगाला, हात लांबवला तर लागेल इतक्या जवळ, घोंगड्यावर बसल्या. मला त्यांनी नजरेनं गप्प राहायला सांगितलं. नाना काही बोलायला गेले तर त्यांनाही हातानं थांबवलं. आप्पा दाराकडं बघत होते. थोड्या वेळानं त्यांनी मला विचारलं, "येणार नाही का ती?" मी उत्तर दिलं नाही. वहिनींच्या बांगड्या वाजल्या, आप्पांनी उजवीकडं बघितलं. वहिनी हळूच म्हणाल्या, "आप्पा." ते माझ्याकडं वळले, "काय गं?" चहा आला, गार झाला. आप्पा समोरच्या मोकळ्या जागेला म्हणाले, "मी बसून राहतो. तिला यायचं तेव्हा येऊ दे. मी तिच्याबद्दल वाईट बोललो, ते मागं घ्यायला आलोय."

वहिनी त्यांच्या तोंडाकडं एकटक बघत होत्या. एवढ्या जवळून कुणी कुणाकडं असं निरखून बघताना मी पाहिलं नव्हतं. पापणी हलते का, ओठ दुमडतो का, कुठं सोंग सापडतं का. मग त्या उठल्या, वळसा घालून उजवीकडं आल्या आणि उभ्या राहिल्या.

"आलीस," आप्पा म्हणाले.

"मघाधरनं हितंच व्हते."

"कुठल्या दिशेला?"

"मावळतीला. तुमच्या मांडीला मांडी लावून."

आप्पांनी मान वळवायला सुरुवात केली. दार, नाना, खांब, भिंत, असं टप्प्याटप्प्यानं, मध्येच अडकत, पुन्हा रेटत. शेवटी त्यांना दबलेलं घोंगडं दिसलं. "तिथं मला कुणी दिसलं नाही, सूनबाई," ते म्हणाले. "आणि दिसत नाही हेही कळलं नाही." वहिनींनी गार चहा उचलला आणि गरम करायला आत नेला.

त्या परत आल्या. आप्पा पुढं सहा-सात वर्षं होते. "पश्चिमेची वाटी राहिली", "उत्तरेला गोळी ठेवलीय", असं आमच्या घरात चालू झालं. वहिनींना ते सोपं गेलं, त्यांच्या माहेरी तसंच बोलायचे. आईला आणि मला शिकावं लागलं. कधी लागू पडायचं, कधी पडायचं नाही. कंटाळले की आप्पा ताटच फिरवून घ्यायचे. आई मात्र अमावस्येला मीठमोहऱ्या उतरवायची ती उतरवायचीच, आणि वहिनींच्या चटणीचा वास घेतल्याशिवाय तिनं ती कधी वाढली नाही.

मागच्या महिन्यात वहिनी माझ्याकडं राहायला आल्या होत्या. आता त्यांचेही केस पांढरे झालेत. दुपारी आम्ही दोघीच होतो. मी विचारलं, वाशीला त्या दिवशी तुमची खात्री पटली ना हो? त्या शेंगा फोडत होत्या.

"आजार खरा व्हता, वन्सं. त्याची खात्री पटली," त्या म्हणाल्या. "पर झटका यायच्या आधी वरीसभर मी त्याच घरात व्हते. तवा त्यांची नजर धड व्हती. तवा कुठं बघितलं मला?"

मी म्हटलं, हे तुम्ही आप्पांना कधी बोलला नाहीत ना?

"बोलले की. तुमचं लग्न झाल्यावर. एक दिवस त्यांना जेवाया वाढलं आन तशीच उभी राहून बोलले."

"मग?"

"खरं आहे तुझं, म्हणाले. मग म्हणाले, उभी का, बस. आन मी बसले."